लाइफटाइम पॉवरट्रेन वॉरंटी: वचन, अटी आणि हिशेब

अमेरिकेत अनेक मोटार डीलर आपल्याकडच्या गाड्यांवर 'लाइफटाइम पॉवरट्रेन वॉरंटी' देतात आणि तीही मोफत देत असल्याची जाहिरात करतात. पॉवरट्रेन म्हणजे गाडी पळवणारी यंत्रणा: इंजिन, गिअरबॉक्स आणि तिथून चाकांपर्यंत शक्ती पोहोचवणारे भाग. याच यंत्रणेवर टोयोटा, होंडा, फोर्ड या कंपन्या अमेरिकेत स्वतः 5 वर्षे किंवा 60,000 मैल (सुमारे 96,500 किलोमीटर) यांपैकी जे आधी भरेल तिथपर्यंतच वॉरंटी देतात. गाड्यांच्या दर्जाबद्दल बदनाम झालेल्या ह्युंदाईने 1998 मध्ये ही मर्यादा 10 वर्षे किंवा 1,00,000 मैलांवर नेली, तेव्हा ते मोठे धाडस मानले गेले.

ज्यांनी गाडी बनवली ते पाच किंवा दहा वर्षांवर थांबतात आणि ज्याने ती नुसती विकली तो मात्र जन्मभराचे वचन देतो. हे त्याला परवडते कसे? या लेखात मांडलेले उत्तर असे: अशा वॉरंटीत मुदत हा सर्वांत स्वस्त भाग असतो. तिचे मोल चार गोष्टींवर ठरते. वचन कोण देतो, आयुष्य कुणाचे मोजायचे, कोणते भाग झाकलेले आहेत आणि वॉरंटी जिवंत ठेवायला ग्राहकाने काय करायचे. या चारांचा आधी स्वतंत्र विचार करू आणि मग हिशेब मांडू.

1. वचन देणारा कोण?

ग्राहकाच्या हातात पडणारे कागद वरवर सारखे दिसले तरी ते तीन प्रकारचे असतात. पहिली निर्मात्याची वॉरंटी. ती देशभरातला त्या कंपनीचा कुठलाही अधिकृत डीलर पाळतो. दुसरी डीलरची वॉरंटी. अमेरिकेत डीलर हा कंपनीची शाखा नसून स्वतंत्र व्यावसायिक असतो आणि राज्यांचे फ्रँचायझी कायदे त्याचे हे वेगळेपण जपतात. दुकानाच्या पाटीवर कंपनीचे नाव असले तरी डीलरने दिलेले वचन कंपनीवर बंधनकारक नसते. तिसरा प्रकार सर्व्हिस कॉन्ट्रॅक्टचा. बोलण्यात त्यालाही 'एक्स्टेंडेड वॉरंटी' म्हणतात, पण कायद्याच्या दृष्टीने ते वेगळे पैसे मोजून घेतलेले कंत्राट असते. वॉरंटी ही विक्रीच्याच सौद्याचा भाग असते आणि तिची वेगळी किंमत नसते.

डीलर सगळी जोखीम सहसा स्वतःच्या अंगावर घेत नाही. प्रत्येक गाडीमागे तो एका प्रशासक कंपनीला ठरावीक रक्कम देतो. दावे तपासणे, मंजूर करणे किंवा फेटाळणे हे काम ती कंपनी करते आणि तिच्यामागे विमा कंपनी उभी असते. म्हणजे लाइफटाइम वचन टिकण्यासाठी डीलर, प्रशासक आणि विमा कंपनी असे तिघे टिकावे लागतात. यातला एखादा कोलमडला तर काय होते, हे 2003 मध्ये दिसले. अमेरिकेतल्या अनेक सर्व्हिस कॉन्ट्रॅक्टांना विम्याचा आधार देणारी, केमन बेटांवर नोंदलेली नॅशनल वॉरंटी ही संस्था दिवाळखोरीत गेली. कंत्राटात ज्याचे नाव देणेकरी म्हणून लिहिले होते, त्याच्यावर भार आला आणि जिथे तोही समर्थ नव्हता तिथे ग्राहकांच्या तोंडाला पाने पुसली गेली. म्हणून कागदात पहिल्यांदा शोधायचे ते 'देणेकरी' कोण हे. डीलरशिप विकली गेली तर नवा मालक हे देणे पत्करतो का, हेही तिथेच पाहायचे.

2. आयुष्य कुणाचे?

लाइफटाइम म्हणजे ग्राहकाचे आयुष्य, गाडीचे आयुष्य की ग्राहकाकडे गाडी असेल तेवढा काळ? मोटारधंद्यात हा प्रश्न जुना आहे. जॉर्जिया राज्यातल्या मेकन गावी 1956 मध्ये पहिले दुकान उघडणाऱ्या मायडसने मफलरवर लाइफटाइम हमी देऊन नाव कमावले. गाडी ग्राहकाकडे असेतोवर ही हमी चाले. लोक गाड्या बदलतात, हे गणित तिच्या पोटात होते. पुढे 1985 मध्ये फेडरल ट्रेड कमिशनने वॉरंटीच्या जाहिरातींसाठी मार्गदर्शक नियम केले. 'लाइफटाइम' म्हणायचे असेल तर कुणाचे आयुष्य तेही सांगा, असे त्यांत बजावले आहे आणि समजावण्यासाठी घेतलेले उदाहरणही मफलरचेच आहे.

डीलरच्या वॉरंटीत या प्रश्नाचे उत्तर बहुधा एकच असते: पहिल्या खरेदीदाराकडे गाडी असेल तोवर. गाडी विकली, एक्स्चेंजमध्ये दिली किंवा अपघातात निकालात निघाली की वॉरंटी संपली. त्यामुळे जुनी गाडी विकताना या वॉरंटीपोटी चार पैसे जास्त मिळत नाहीत.

निर्माता हाच प्रयोग करतो तेव्हा काय होते, हे क्रायस्लरने दाखवले. जुलै 2007 मध्ये कंपनीने आपल्या बहुतेक मॉडेलांवर लाइफटाइम पॉवरट्रेन वॉरंटी जाहीर केली. ती फक्त पहिल्या मालकाला होती. शिवाय दर पाच वर्षांनी, ठरलेल्या तारखेच्या आगेमागे 60 दिवसांत, डीलरकडून गाडी तपासून घेणे सक्तीचे होते. तपासणी चुकली की वॉरंटी गेली. एप्रिल 2009 मध्ये कंपनी दिवाळखोरी न्यायालयात गेली आणि 2010 च्या मॉडेलांपासून ही योजना बंद झाली. तिच्या जागी 5 वर्षे किंवा 1,00,000 मैलांची वॉरंटी आली. ही मुदत कागदावर कितीतरी कमी होती, पण गाडी विकल्यावर पुढच्या मालकाला मिळत होती.

3. काय झाकलेले, काय उघडे?

'पॉवरट्रेन' म्हटल्यावर बॉनेटखालचे सगळे आले, असा समज होतो. कागदात मात्र यादी असते आणि यादीत नसलेले सारे बाहेर. साधारणपणे इंजिनाच्या आतले, ऑइलमध्ये फिरणारे भाग आत असतात: पिस्टन, क्रँकशाफ्ट, कॅमशाफ्ट, ऑइल पंप. गिअरबॉक्समधले गिअर आणि टॉर्क कन्व्हर्टर, चारचाकी चालनाच्या गाडीतला ट्रान्सफर केस आणि डिफरन्शियल हेही बहुधा असतात. क्लच प्लेट, बेल्ट, होज, सेन्सर, वायरिंग आणि इंजिनाचा कॉम्प्युटर बहुधा नसतात. टर्बोचार्जर, सील आणि गॅस्केट यांच्याबाबतीत प्रत्येक कागद वेगळे बोलतो. खरी मेख याच जागी असते, कारण मोठे बिघाड पुष्कळदा लहान भागांतून सुरू होतात. दोनशे डॉलरच्या आतला वॉटर पंप गळतो, इंजिन तापते, सिलिंडर हेड वाकते. हेड यादीत असले तरी 'जास्त तापल्याने झालेले नुकसान वगळून' असे कलम असेल तर दावा तिथेच संपतो.

यादीतून सुटलेल्या काही भागांना कायद्याने वेगळे संरक्षण असते, हे पुष्कळांना ठाऊक नसते. प्रदूषण नियंत्रणाच्या अमेरिकी संघीय नियमांनुसार 1995 पासूनच्या गाड्यांत कॅटॅलिटिक कन्व्हर्टर आणि प्रदूषण नियंत्रित करणारा इंजिनाचा कॉम्प्युटर यांवर निर्मात्याला 8 वर्षे किंवा 80,000 मैलांची वॉरंटी द्यावीच लागते. हे हक्काचे संरक्षण डीलरच्या फुकट वॉरंटीपेक्षा पुष्कळदा जास्त कामाला येते.

4. अटी

अशा वॉरंटीत नेहमी भेटणाऱ्या अटी अशा:

- पुस्तिकेत सांगितलेले प्रत्येक सर्व्हिसिंग वेळेवर करणे आणि प्रत्येकाची पावती जपणे.
- दुरुस्तीला हात लावण्यापूर्वी प्रशासक कंपनीची मंजुरी घेणे.
- गाडी टॅक्सी, डिलिव्हरी किंवा अन्य धंद्यासाठी न वापरणे, तिच्यात फेरफार न करणे.
- एका दाव्याची कमाल रक्कम म्हणजे त्या दिवशीचा गाडीचा बाजारभाव, आणि सर्व दाव्यांची मिळून कमाल रक्कम म्हणजे गाडीची खरेदी किंमत.

पहिली अट सोपी वाटते. ती जवळून पाहू. समजा, पुस्तिकेत 7,500 मैलांवर ऑइल बदलायला सांगितले आहे आणि वॉरंटीत 1,000 मैलांची सवलत आहे. मालक लांबच्या प्रवासाला गेला आणि त्याने 8,900 मैलांवर ऑइल बदलले. गाडीला काहीच झाले नाही, पुढची सगळी सर्व्हिसिंग वेळेत झाली. तरी सहा वर्षांनी गिअरबॉक्स बसला तेव्हा तपासणाऱ्याच्या नजरेला ती एक पावती पडते. वॉरंटीचे कलम 'वेळेत न केल्यास हमी रद्द' असे असेल तर ऑइलचा आणि गिअरबॉक्सचा संबंध नाही हा युक्तिवाद खिडकीपाशीच अडतो. घरच्या घरी ऑइल बदलणाऱ्याची तर पावतीच नसते. त्याने ऑइल आणि फिल्टर विकत घेतल्याची बिले आणि मैलांच्या आकड्याची तारीखवार नोंद ठेवली नाही, तर त्याच्या बाजूने बोलायला काही उरत नाही.

5. हिशेब

आता चारही घटक एकत्र आणू. गाडीच्या आयुष्यात तीन गोष्टी एकाच वेळी बदलत जातात. बिघाडाची शक्यता वर्षागणिक वाढते. गाडीचा बाजारभाव, म्हणजेच दाव्याची कमाल मर्यादा, घसरतो. आणि पहिल्या मालकाकडेच असलेल्या गाड्यांची संख्या रोडावते. अमेरिकेतल्या रस्त्यांवरच्या गाड्यांचे सरासरी वय 2024 मध्ये 12.6 वर्षे होते. गाड्या टिकतात, पण एकाच मालकाकडे राहत नाहीत. म्हणजे सुरुवातीला बिघाड दुर्मीळ असतो तेव्हा खर्च निर्माता उचलतो आणि पुढे बिघाड वाढतात तेव्हा हक्क सांगणारा उरलेला नसतो. उरलाच तर मर्यादा खाली आलेली असते. डीलरला जन्मभराचे वचन परवडते ते या तिहेरी बदलामुळे.

कल्पित आकडे घेऊन पाहू. वर्षाला 15,000 मैल धावणाऱ्या गाडीची निर्मात्याची 60,000 मैलांची वॉरंटी चार वर्षांतच संपते. मालक आठव्या वर्षी गाडी विकतो. डीलरची वॉरंटी खऱ्या अर्थाने त्याच्या उपयोगाची ती मधली चार वर्षे. या काळात मोठ्या बिघाडाची शक्यता शंभरात सहा आणि दुरुस्तीचा खर्च 5,000 डॉलर धरू. अपेक्षित फायदा 300 डॉलर. तीनपैकी दोन दावे मंजूर होतात असे धरले तर 200 डॉलर. आता सर्व्हिसिंग याच डीलरकडे करण्याची अट असेल आणि बाहेरच्या गॅरेजपेक्षा तिथे प्रत्येक खेपेला 40 डॉलर जास्त पडत असतील, तर वर्षाला दोन खेपा धरून आठ वर्षांत 640 डॉलर जातात. फुकटच्या वॉरंटीत ग्राहकाला 440 डॉलरचा खड्डा पडतो.

हाच मालक गाडी चौदा वर्षे ठेवील तर? शेवटच्या सहा वर्षांत बिघाडाची शक्यता शंभरात वीस आणि खर्च 5,500 डॉलर धरू. पण गाडीची किंमत तोवर 4,000 डॉलरवर आली असेल तर दावाही तिथेच थांबतो. तीनपैकी दोन दाव्यांच्या गृहीतकाने यातून आणखी सुमारे 530 डॉलर मिळतात, म्हणजे एकूण 730. चौदा वर्षांचा डीलरकडचा जादा खर्च मात्र 1,120 डॉलर होतो. आकडे बदलले तर उत्तरही बदलेल, पण निष्कर्षाची दिशा स्पष्ट आहे. फायदा की तोटा हे वॉरंटीच्या लांबीपेक्षा सर्व्हिसिंग कुठे करायचे या एका कलमावर जास्त ठरते.

विम्याच्या दृष्टीने एक भर घालायला हवी. अचानक आलेले 5,000 डॉलरचे बिल ज्याला झेपणार नाही, त्याला सरासरी तोटा सोसूनही संरक्षण घेणे शहाणपणाचे ठरू शकते. मात्र मग तो ही वॉरंटी विकत घेतो आहे, फुकट मिळवत नाही, हे त्याला कळलेले असावे. डीलरच्या बाजूचा हिशेब तर सरळ आहे. वॉरंटी टिकवण्यासाठी ग्राहक वर्षानुवर्षे त्याच्या वर्कशॉपमध्ये येत राहतो आणि पुढची गाडीही तिथेच पाहतो. शिवाय 'इंजिन-गिअरबॉक्स तर झाकलेच आहेत, आता बाकीच्या भागांसाठी एक कॉन्ट्रॅक्ट घ्या' असे म्हणून दुसरा कागद विकायला वाव मिळतो. आपल्याकडे फुकट ते पौष्टिक म्हणतात. हा सगळा व्यवहार त्याच समजुतीवर चालतो.

6. दावा कसा चालतो

गाडीला 1,18,000 मैल झाले आहेत आणि गिअर तिसऱ्यावरून चौथ्यात जाताना झटका बसतो आहे. मालक ती टो करून वर्कशॉपमध्ये आणतो. मेकॅनिक कोड वाचतो आणि प्रशासक कंपनीला फोन लावतो. तिकडून सांगितले जाते की कारण निश्चित करण्यासाठी गिअरबॉक्स उघडावा लागेल. तो उघडण्याची मजुरी दावा मंजूर झाला तरच कंपनी देणार, नाही तर मालकाने द्यायची. मालक सही करतो. गिअरबॉक्स उघडला जातो, कंपनीचा तपासनीस येऊन फोटो घेतो, सर्व्हिसिंगच्या पावत्या मागवल्या जातात. दावा मंजूर झाला तरी नवा गिअरबॉक्स मिळेलच असे नाही. 'त्याच प्रतीचा' म्हणून जुन्या गाडीतून काढलेला किंवा दुरुस्त केलेला भाग बसवण्याचा हक्क कंपनी राखून ठेवते.

सहीचा तो क्षण कळीचा आहे. तिथे मालक काही शे डॉलरची पैज लावतो. कोणत्या कारणांनी दावा फेटाळला जाऊ शकतो, हे सहीपूर्वी लेखी विचारून घेतले तर ती आंधळी राहत नाही. पावत्यांची फाइल तयार असलेल्या माणसाची बाजू इथे भक्कम असते.

नोकरीनिमित्त न्यू जर्सीत गाडी घेऊन तीन वर्षांनी टेक्सासला जाणाऱ्या किंवा पुण्याला परतणाऱ्या मराठी कुटुंबांनी आणखी एक गोष्ट लक्षात घ्यावी. दुरुस्ती विकणाऱ्या डीलरकडेच करायची अट असेल तर राज्य बदलल्यावर वॉरंटी नावापुरती उरते आणि परत येताना गाडी विकली की तीही संपते.

7. कायद्याचा आधार

या विषयावरचा मुख्य अमेरिकी कायदा म्हणजे 1975 चा मॅग्नुसन-मॉस वॉरंटी कायदा. वॉशिंग्टन राज्याचे सिनेटर वॉरन मॅग्नुसन आणि कॅलिफोर्नियाचे प्रतिनिधी जॉन मॉस यांच्या नावाने तो ओळखला जातो. त्यातल्या चार तरतुदी इथे महत्त्वाच्या आहेत.

पहिली, लेखी वॉरंटीवर ती 'फुल' की 'लिमिटेड' हे लिहावे लागते. फुल वॉरंटी तिच्या मुदतीत पुढच्या मालकालाही मिळते. डीलरच्या लाइफटाइम वॉरंट्या बहुधा लिमिटेड असतात. दुसरी, लेखी वॉरंटी देणाऱ्याला कायद्याने गृहीत धरलेली हमी, म्हणजे वस्तू तिच्या नेहमीच्या कामाला लायक असल्याची हमी, पूर्णपणे झटकून टाकता येत नाही. एरवी हात वर करू शकणारा विक्रेता मोफत वॉरंटी दिल्यामुळे थोडा बांधला जातो. तिसरी, पैसे देऊन करायचे सर्व्हिसिंग विशिष्ट ठिकाणीच करा किंवा विशिष्ट ब्रँडचेच भाग वापरा, अशी अट वॉरंटीला जोडता येत नाही. याच मुद्द्यावर फेडरल ट्रेड कमिशनने 2015 मध्ये बीएमडब्ल्यूच्या मिनी विभागावर कारवाई केली आणि ती तडजोडीने मिटली. हमीतली दुरुस्ती फुकट असते, म्हणून ती मात्र 'आमच्याकडेच' असे सांगता येते. चौथी, खटला जिंकणाऱ्या ग्राहकाला वकिलाचा खर्च मिळू शकतो.

तिसरी तरतूद वॉरंटीला लागू आहे, सर्व्हिस कॉन्ट्रॅक्टला नाही. वर पाहिलेल्या हिशेबात उत्तर फिरवणारे कलम नेमके हेच आहे. त्यामुळे हातातला कागद यांपैकी कोणता, हा प्रश्न तांत्रिक वाटला तरी त्यावर खरे पैसे अवलंबून असतात. शिवाय अनेक कागदांत वाद न्यायालयाऐवजी लवादाकडे नेण्याचे कलम असते आणि तिथली संघीय अपील न्यायालये ते सहसा मान्य करतात.

8. भारतातली नवी आवृत्ती

इंजिन नसलेल्या इलेक्ट्रिक गाड्यांत हा शब्द आता बॅटरीला चिकटला आहे. महिंद्राने नोव्हेंबर 2024 मध्ये आणलेल्या आणि चाकणला तयार होणाऱ्या बीई 6 आणि एक्सईव्ही 9ई या गाड्यांच्या बॅटरीवर पहिल्या खासगी मालकासाठी लाइफटाइम वॉरंटी जाहीर केली. गाडी विकल्यावर ती 10 वर्षे किंवा 2,00,000 किलोमीटरवर येते. टाटा मोटर्सने 2025 मध्ये हॅरियर ईव्हीसाठी लाइफटाइम म्हणजे पहिल्या नोंदणीपासून 15 वर्षे असा अर्थ सांगितला. आपल्याकडे खासगी गाडीची नोंदणीही 15 वर्षांचीच असते. इथे वचन डीलरचे नसून निर्मात्याचे आहे आणि मुदतीचे काही आकडे तरी स्पष्ट दिलेले आहेत. या दोन्ही बाबतींत ही वचने अमेरिकी डीलरांच्या वॉरंटीपेक्षा मोजायला सोपी आहेत. वाद झाला तर 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार ग्राहक राहतो त्या जिल्ह्याच्या आयोगाकडे तक्रार करता येते. कागदात लवादाचे कलम असले तरी ही वाट बंद होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये एमार एमजीएफ प्रकरणात स्पष्ट केले आहे.

9. निष्कर्ष

डीलरची लाइफटाइम पॉवरट्रेन वॉरंटी ही फसवणूकच असते असे म्हणणे चुकीचे आणि ती गाडीच्या किमतीत मिळवायची मोठी देणगी समजणेही चुकीचे. दोन डीलर सारख्याच किमतीला गाडी देत असतील, बाहेरच्या गॅरेजमधले सर्व्हिसिंग चालत असेल, देणेकरी भक्कम असेल आणि गाडी आठ-दहा वर्षे ठेवायचा विचार असेल, तर ही वॉरंटी अवश्य घ्यावी आणि पहिल्या दिवसापासून पावत्यांची फाइल करावी. तिच्यासाठी गाडीमागे पाचशे डॉलर जास्त मोजावे लागत असतील किंवा प्रत्येक ऑइल चेंजला डीलरच्या दारात जावे लागणार असेल, तर तो सौदा वरच्या पद्धतीने कागदावर मांडून पाहावा. बहुतेक वेळा त्यात किंमत कमी करून घेणे फायद्याचे ठरेल. ती सूट त्याच दिवशी हातात पडते आणि ती टिकवायला एकही पावती जपावी लागत नाही.